कोर्टाच्या पायरीआधीची पायरी

टिटवाळा हे गाव महाराष्ट्राला ठाऊक आहे ते महागणपतीचे स्थान म्हणून. काळू नदीकाठचे हे देवस्थान आणि अंगारकीला तेथे लोटणारी गर्दी यांची वर्णने वृत्तपत्रांतून नेमाने येत असतात. परंतु गेल्या काही दशकांत या गावाला दुसरी एक ओळख लाभली आहे. मुंबईत, ठाण्यात आणि पुढे डोंबिवलीतही ज्यांना घर परवडेनासे झाले, अशा असंख्य नोकरदार कुटुंबांनी मांडा-टिटवाळ्यात आणि बल्याणीच्या बाजूला आसरा घेतला. कोणी सदनिका घेतली, कोणी चाळीतली खोली. आयुष्याची पुंजी चार भिंतींत घातलेल्या या माणसांना शासन भेटते ते दिल्लीच्या किंवा मंत्रालयाच्या रूपात क्वचितच. ते भेटते महापालिकेच्या रूपात : घरपट्टीचे देयक, नळजोडणीचा अर्ज, दुरुस्तीची परवानगी आणि दारावर चिकटवलेली नोटीस या स्वरूपात.

यांपैकी एखादा निर्णय प्रतिकूल आला म्हणजे पुढे काय घडते, त्याचा क्रम जवळजवळ ठरून गेलेला आहे. प्रथम ओळखीच्या पुढाऱ्याकडे धाव घेतली जाते. त्याने ‘बघतो’ म्हटले की आठ दिवस जातात. मग प्रभाग कार्यालयात दोन-तीन खेपा होतात. तेथे तोंडी आश्वासन मिळते, कागद मिळत नाही. अखेर कोणीतरी सांगतो की आता थेट उच्च न्यायालयात जाण्याला पर्याय नाही. शेजारीपाजारी वर्गणी काढतात, वकील ठरतो, रिट अर्ज दाखल होतो. आणि पहिल्याच सुनावणीला न्यायपीठ विचारते : या निर्णयाविरुद्ध कायद्यात अपिलाची तरतूद आहे, ती तुम्ही वापरली का? या प्रश्नाला उत्तर नसते. अर्ज निकाली निघतो. खाली उतरून अपील करावे म्हटले, तर त्याची मुदत केव्हाच उलटून गेलेली असते.

‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ ही म्हण आपल्याकडे लहान मुलालाही पाठ असते. पण ही म्हण जपणारा समाज पालिकेशी भांडण निघाले की तळच्या पायऱ्या सोडून एकदम वरची पायरी चढू पाहतो, ही विसंगती विचार करण्याजोगी आहे. कायद्याने नेमून दिलेले अपील प्रथम करावे, हा केवळ न्यायालयीन शिष्टाचाराचा प्रश्न नाही. सामान्य नागरिकाच्या हिताचाच तो प्रश्न आहे. मात्र त्याचबरोबर, ते अपील नागरिकाला खरोखर उपलब्ध असले पाहिजे, ही जबाबदारी शासनाची व महापालिकेची आहे. या दोन गोष्टींचा विचार एकत्रच करावा लागतो.

घरपट्टीचे उदाहरण

प्रथम सर्वांत नित्याचा विषय घेऊ. १ ऑक्टोबर १९८३ रोजी अस्तित्वात आलेली कल्याण-डोंबिवली महानगरपालिका चालते ती १९४९ च्या प्रांतिक महानगरपालिका कायद्याने. आज त्यास महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियम असे नाव आहे. घराचे करयोग्य मूल्य किंवा भांडवली मूल्य चुकीचे ठरवले गेले आहे असे ज्याला वाटते, त्याने प्रथम आयुक्तांकडे लेखी तक्रार करावयाची असते. ती फेटाळली गेली तर कलम ४०६ अन्वये न्यायाधीशाकडे अपील करता येते. हा न्यायाधीश म्हणजे पालिकेचा अधिकारी नव्हे. पुण्यासारख्या शहरात लघुवाद न्यायालयाचा आणि अन्यत्र दिवाणी न्यायालयाचा वरिष्ठ स्तरावरील न्यायाधीश हे काम पाहतो. टिटवाळ्याच्या रहिवाशाच्या दृष्टीने हे न्यायालय कल्याणला, म्हणजे लोकलने तिसऱ्या स्थानकावर आहे. उच्च न्यायालयासाठी त्याला साठांहून अधिक किलोमीटरचा प्रवास करून फोर्टात जावे लागते. शिवाय कल्याणच्या निर्णयावर काही अटींनुसार जिल्हा न्यायालयात जाण्याचीही सोय कायद्यात आहे.

या अपिलाला अटी आहेत आणि त्या कडक आहेत. तक्रारीचे कारण घडल्यापासून १५ दिवसांच्या आत ते दाखल झाले पाहिजे. मूल्यनिर्धारणाविरुद्धचे गाऱ्हाणे असेल, तर आधी आयुक्तांकडे तक्रार केलेली असली पाहिजे. आणि कराविरुद्ध अपील असेल, किंवा देयक हाती आल्यानंतर मूल्याविरुद्ध अपील केले जात असेल, तर मागणीची रक्कम आधी पालिकेकडे भरलेली असली पाहिजे. या शेवटच्या अटीत एक बारकावा आहे. मूल्यनिर्धारणाची नोटीस येते तेव्हाच जो जागा होतो आणि देयक निघण्यापूर्वी तक्रार व अपील करतो, त्याच्यावर मूल्याच्या वादापुरते आधी पैसे भरण्याचे ओझे कायदा टाकत नाही. जो देयक येईपर्यंत स्वस्थ बसतो, त्याला आधी पैसे मोजावे लागतात. सावधपणाला सवलत आणि आळसाला भुर्दंड, अशी ही योजना आहे. परंतु ती ठाऊक असणारे घरमालक किती निघतील?

आता आकड्यांकडे वळू. समजा, एखाद्या घराचे क्षेत्रफळ ४२० चौरस फूट असताना पालिकेच्या दप्तरी ते ५६० चौरस फूट असे नोंदले गेले आणि ४,५०० रुपयांऐवजी ६,००० रुपयांचे देयक आले. वाद वर्षाला १,५०० रुपयांचा. एवढ्यासाठी उच्च न्यायालयात जाणे म्हणजे आठ आण्यांच्या कोंबडीला बारा आण्यांचा मसाला. म्हणून बहुतेक लोक कुरकुरत पैसे भरून मोकळे होतात. पण एकदा चुकलेली नोंद पुढील देयकांतही तशीच उतरत जाते. दहा वर्षांत ही चूक १५,००० रुपयांची होते. म्हणजे तोट्याचे खरे मोजमाप एका वर्षाच्या फरकावरून करून चालत नाही. उलट बाजूला, वेळेवर केलेल्या तक्रारीचा खर्च म्हणजे एक अर्ज, खरेदीखताची किंवा आराखड्याची प्रत आणि एक दिवसाची रजा. इतक्या स्वल्प खर्चात इतका लाभ देणारा दुसरा मार्ग नागरिकाच्या हाती नाही.

बांधकामाचे प्रश्न

बांधकामाच्या बाबतीत दुसरा कायदा लागू होतो : महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियम, १९६६. बांधकामाची परवानगी नाकारली गेली किंवा जाचक अटींवर दिली गेली, तर कलम ४७ अन्वये, आदेश कळवल्यापासून ४० दिवसांच्या आत राज्य शासनाकडे किंवा शासनाने नेमलेल्या अधिकाऱ्याकडे अपील करता येते. हा अधिकारी शासनाच्या उपसचिवाच्या दर्जाहून खालचा असता कामा नये, असेही कलमात म्हटले आहे. अपिलावर निर्णय देण्यापूर्वी दोन्ही बाजूंना म्हणणे मांडण्याची संधी द्यावी लागते.

परवानगीवाचून झालेल्या बांधकामाबद्दल याच कायद्याच्या कलम ५३ खाली नोटीस आली, तर नोटिशीत दिलेल्या मुदतीच्या आत ते बांधकाम राखण्यासाठी कलम ४४ प्रमाणे परवानगीचा अर्ज करण्याची मुभा आहे. तो अर्ज नाकारला गेला की कलम ४७ चे अपील खुले होते. म्हणजे नोटीस, अर्ज, आदेश आणि अपील अशी ही साखळी आहे. तिची पहिली कडी नागरिकाने स्वतः घडवावयाची असते. नियमात बसण्याजोगे बांधकाम, उदाहरणार्थ सज्जाला घातलेले आच्छादन किंवा मंजूर क्षेत्रफळाच्या मर्यादेत वाढवलेली खोली, या साखळीमुळे वाचू शकते. नियमात न बसणारे बांधकाम कोणत्याही अपिलाने वाचणार नाही, आणि वाचूही नये.

नेमकी हीच साखळी बहुधा वापरली जात नाही. नोटीस स्वीकारायचीच नाही, स्वीकारली तर उत्तर द्यायचे नाही आणि बुलडोझर दाराशी आला की स्थगितीसाठी धावायचे, अशी रीत पडली आहे. हातात पोच असलेला एकही कागद नसतो. न्यायालयापुढे नागरिक उभा राहतो तो रिकाम्या हाताने. आणि पालिकेच्या फाइलीत मात्र पंचनामा, नोटीस व आदेश ओळीने लावलेले असतात. अशा लढाईचा निकाल काय लागणार, हे सांगण्यासाठी कायद्याची पदवी लागत नाही.

बांधकाम आणि कर या दोन मोठ्या विषयांखेरीज छोट्या प्रश्नांसाठीही अपिलांची वाट आखलेली आहे. माहिती अधिकार अधिनियम, २००५ अन्वये माहिती मिळाली नाही किंवा अपुरी मिळाली, तर ३० दिवसांत वरिष्ठ अधिकाऱ्याकडे पहिले अपील आणि पुढे ९० दिवसांत राज्य माहिती आयोगाकडे दुसरे अपील करता येते. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ ने अधिसूचित सेवा ठरावीक मुदतीत देण्याचे बंधन घातले, विभागातच दोन अपिले ठेवली आणि वर आयोग नेमला. कसूर करणाऱ्या अधिकाऱ्याला ५०० ते ५,००० रुपयांपर्यंत दंडाची तरतूदही केली. दाखला अडला, नोंद अडली, म्हणून कोणी उच्च न्यायालयात जात नाही. तो चहापाण्याचे पैसे देतो. या अपिलांचा खरा स्पर्धक उच्च न्यायालय नसून लाच हा आहे, हे ध्यानात घेतले पाहिजे.

न्यायालये हा आग्रह का धरतात?

संविधानाच्या २२६ व्या अनुच्छेदाने उच्च न्यायालयांना दिलेला रिट अधिकार व्यापक आहे. दुसरा उपाय उपलब्ध असेल तर रिट अर्ज ऐकू नये, असे शब्द त्या अनुच्छेदात नाहीत. हे बंधन न्यायालयांनी स्वतःवर घालून घेतले. मोहम्मद नूह प्रकरणात १९५७ साली सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले, की हा नियम धोरणाचा, सोयीचा आणि तारतम्याचा आहे. तो कायद्याचा अनुल्लंघनीय नियम नव्हे.

मध्यंतरी या तारतम्याचे रूपांतर पोलादी बंधनात करण्याचा प्रयत्न झाला होता, याचे आज अनेकांना विस्मरण झाले आहे. आणीबाणीत, १९७६ साली झालेल्या ४२ व्या घटनादुरुस्तीने २२६ व्या अनुच्छेदात अशी भर घातली, की मूलभूत हक्कांखेरीज इतर गाऱ्हाण्यांसाठी कायद्यात दुसरा कोणताही उपाय असेल, तर उच्च न्यायालयाने अर्ज दाखलच करून घेऊ नये. १९७८ च्या ४४ व्या दुरुस्तीने ही बेडी काढून टाकली. या इतिहासातून घ्यावयाचा बोध सरळ आहे. उच्च न्यायालयाचे दार नागरिकाला बंद असता कामा नये. पण दार उघडे आहे म्हणून प्रत्येक तंट्यात प्रथम तेच ठोठवावे, असा त्याचा अर्थ होत नाही.

पुढील निकालांनी हे तारतम्य अधिक रेखीव केले. ज्या वर्षी कल्याण-डोंबिवली महापालिका स्थापन झाली त्याच १९८३ साली टिटागढ पेपर मिल्सच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की ज्या कायद्याने कराचे दायित्व निर्माण केले, त्याच कायद्याने त्याविरुद्ध दाद मागण्याची पुरेशी यंत्रणा दिली असेल, तर ती यंत्रणाच वापरली पाहिजे. १९९८ च्या व्हर्लपूल प्रकरणात अपवाद मोजून दिले गेले : मूलभूत हक्कांचा प्रश्न असेल, नैसर्गिक न्यायाचे तत्त्व पायदळी तुडवले गेले असेल, अधिकारच नसताना कोणी निर्णय दिला असेल, किंवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान असेल, तर पर्यायी उपायाची अट आड येत नाही. आणि २०२० साली ग्लॅक्सो स्मिथक्लाइन प्रकरणात न्यायालयाने बजावले, की अपिलाची कमाल मुदत बुडवून नंतर रिट अर्जाच्या आडवाटेने तोच प्रश्न उपस्थित करता येणार नाही.

या आग्रहामागे न्यायालयांचा भार हलका करण्याची इच्छा आहेच. तथापि त्याहून महत्त्वाचे कारण वस्तुस्थितीच्या शोधाचे आहे. रिट अर्जाचा निकाल सामान्यतः प्रतिज्ञापत्रांवर होतो. घर ४२० फुटांचे की ५६० फुटांचे, भिंत १९९० सालची की गेल्या वर्षीची, भाडेकरू खरा की कागदोपत्री, हे प्रश्न मोजमापाचे आणि साक्षीपुराव्याचे आहेत. फोर्टात बसलेले न्यायमूर्ती टिटवाळ्यातील भिंतीला टेप लावू शकत नाहीत. ते पाहतात निर्णयाची रीत : अधिकार होता का, नोटीस दिली का, म्हणणे ऐकले का. रीत बरोबर असेल तर चुकीचा आकडाही तेथे टिकून राहतो. अपिलात मात्र तो आकडाच तपासला जातो. ज्याची तक्रार आकड्याविषयी आहे, त्याने आकडा तपासणाऱ्याकडेच गेले पाहिजे. सामान्य करदात्याच्या दहा तक्रारींपैकी बहुसंख्य आकड्यांविषयीच असतात, हे कोणत्याही प्रभाग कार्यालयातील लिपिक सांगेल.

अपिलाचा आणखी एक लाभ आहे. अपिलात गेलेल्या माणसाच्या हाती तारीखवार कागद जमतात. त्याची तक्रार, तिची पोच, अधिकाऱ्याचे उत्तर, अपिलावरील आदेश. पुढे उच्च न्यायालयात जाण्याची वेळ आलीच, तर हीच त्याची शिदोरी असते. अपील फेटाळले गेले तरी ते वाया गेलेले नसते.

आक्षेपांत तथ्य आहे

येथवरचे विवेचन वाचून अनुभवी वाचक म्हणेल, की हे सारे कागदावर ठीक आहे. प्रत्यक्षात ही अपिले पोकळ असतात. हा आक्षेप झटकून टाकण्याजोगा नाही.

पहिला आक्षेप आधी पैसे भरण्याच्या अटीचा. कर अन्यायाचा आहे असे म्हणणाऱ्याने तो आधी भरावा, मग न्याय मागावा, ही रीत अनेकांना उफराटी वाटते. १९५४ साली हिम्मतलाल मेहता प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानेच म्हटले होते, की घटनाबाह्य कराच्या वसुलीला आव्हान द्यायचे असेल तर आधी कर भरण्यास लावणारा जाचक उपाय हा पुरेसा उपाय नव्हे. पुढे १९७५ मध्ये अहमदाबादच्या अनंत मिल्सच्या प्रकरणात, १९४९ च्या याच महापालिका कायद्यातील कलम ४०६ चा प्रश्न गुजरातमधील दुरुस्तीच्या संदर्भात आला, तेव्हा मात्र अपिलाचा हक्क कायद्याने दिलेला असल्याने कायदा त्याला अटी घालू शकतो, असा निर्णय झाला. दोन्ही निकालांचा मेळ असा घालता येतो : कर लादण्याच्या अधिकारालाच आव्हान असेल तर मार्ग वेगळा, केवळ आकड्याचा वाद असेल तर आधी पैसे भरून, हक्क राखून, अपिलात जावे. पालिकेचा गाडा घरपट्टीवर चालतो, ही व्यावहारिक बाजूही विसरता येत नाही. वाद उपस्थित करताच वसुली थांबू लागली, तर ज्यांची ऐपत मोठी तेच प्रथम वाद उकरून काढतील आणि रस्ते-पाण्याचा भार प्रामाणिकपणे कर भरणाऱ्या चाळकऱ्यावर पडेल. तरीही लहान घरांच्या बाबतीत संपूर्ण रकमेऐवजी वादापलीकडील रक्कम आणि वादग्रस्त रकमेचा काही हिस्सा भरण्याची सवलत विधिमंडळाने का देऊ नये, याचे समाधानकारक उत्तर मिळत नाही.

दुसरा आक्षेप अपील ऐकणाऱ्याविषयीचा. नगररचना कायद्याखालील अपील राज्य शासनाकडे जाते, आणि शासन म्हणजे अंतिमतः राजकीय सत्ता. ज्याचा मंत्रालयात वशिला, त्याचे अपील लवकर सुनावणीस येते, असा समज दृढ आहे. तो खरा असो वा नसो, निकाल किती दिवसांत लागला पाहिजे याचे बंधन नसल्यामुळे आणि निकाल सहज वाचावयास मिळत नसल्यामुळे असे समज पसरतात.

तिसरा आणि सर्वांत गंभीर आक्षेप पाडकामाच्या नोटिशींविषयीचा आहे. महापालिका कायद्याच्या कलम २६०, २६७ किंवा ४७८ खाली निघणाऱ्या नोटिशींविरुद्ध त्या कायद्यात अपीलच नाही. कायद्यात नंतर घातलेल्या कलम ४३३-अ ने अशा नोटिशींना दिवाणी दाव्यात आव्हान देण्यासही मज्जाव केला. अधिकारबाह्य नोटिशीपुरती फट न्यायालयांच्या निर्णयांत उरली असली, तरी सर्वसाधारण स्थिती अशी आहे की खालची पायरी काढून घेतली आणि वरची पायरी चढल्याबद्दल माणसाला बोल लावला. ज्या कलमाखाली नोटीस आली त्यात अपील आहे की नाही, हे प्रथम पाहिले पाहिजे. आणि जेथे ते नाही, तेथे उच्च न्यायालयात जाणाऱ्याला ‘आधी अपील का केले नाही’ असे विचारता येणार नाही.

या पोकळीत सर्वोच्च न्यायालयाने १३ नोव्हेंबर २०२४ रोजी दिलेल्या निर्णयाचे महत्त्व आहे. पूर्वसूचनेची नोटीस दिल्यावाचून पाडकाम नाही. उत्तरासाठी स्थानिक कायद्यातील मुदत किंवा १५ दिवस, यांपैकी जी मुदत अधिक असेल ती. म्हणणे ऐकून सकारण आदेश. आणि कायद्यात अपील असो वा नसो, त्या आदेशाची अंमलबजावणी पुढे आणखी १५ दिवस करावयाची नाही, असे निर्देश न्यायालयाने दिले. रस्ता, पदपथ, लोहमार्गालगतची जागा, नदी वा जलाशय अशा सार्वजनिक जागेवरील बांधकामांना आणि जेथे न्यायालयानेच पाडण्याचा आदेश दिला आहे अशा बांधकामांना हे संरक्षण नाही. काळू नदीच्या पात्रालगत आणि रेल्वेच्या हद्दीजवळ घर घेणाऱ्यांनी हा अपवाद लक्षात ठेवलेला बरा.

थेट न्यायालयाचे प्रसंग

थेट उच्च न्यायालयात जाणे योग्य ठरते असे प्रसंगही याच परिसराने पाहिले आहेत. २०१५ मध्ये महापालिकेत घेतलेल्या २७ गावांपैकी १८ गावे २०२० साली राज्य शासनाने वगळली. हा निर्णय शासनाच्या अधिसूचनेचा होता. त्यावर अपील करण्याजोगा अधिकारी कोठे होता? त्याच वर्षी डिसेंबरात मुंबई उच्च न्यायालयाने ती अधिसूचना रद्द केली. कायद्याने सांगितलेल्या विचारविनिमयाची पायरीच शासनाने गाळली, असा तेथील मुख्य मुद्दा होता. पायऱ्या गाळण्याची मुभा नागरिकाला नाही, तशी ती शासनालाही नाही, हे त्या निकालाने दाखवून दिले.

दुसरा प्रसंग अधिक क्लेशदायक आहे. बनावट परवानग्यांच्या आधारे महारेराची नोंदणी मिळवून महापालिकेच्या हद्दीत उभारलेल्या ६५ इमारती पाडण्याचा आदेश नोव्हेंबर २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने दिला. त्या घरांतून राहणाऱ्या कुटुंबांपुढे कोणते अपील होते? मंजुरीच मुळात खोटी असेल तर अपील कशावर करावयाचे? अशा वेळी उपयोगी पडला असता तो खरेदीपूर्वीचा उपाय : बांधकाम परवानगीची प्रत पालिकेकडून माहिती अधिकारात मागणे, आणि ती न मिळाल्यास ३० दिवसांत पहिले अपील करणे. टिटवाळ्याच्या परिसरात आज स्वस्त खोली पाहावयास येणाऱ्या प्रत्येकाला हे सांगण्याची गरज आहे. दलालाच्या शब्दापेक्षा पालिकेच्या आवक-शिक्क्याची किंमत अधिक आहे.

काय करता येईल?

अपिलाचा मार्ग जिवंत करावयाचा असेल, तर फार मोठ्या खर्चाची आवश्यकता नाही. पहिली गोष्ट, प्रत्येक देयकाच्या, नोटिशीच्या आणि आदेशाच्या तळाशी चार ओळी छापाव्यात : या निर्णयाविरुद्ध अपील कोणत्या कलमाखाली, कोणाकडे, किती दिवसांत आणि किती रक्कम भरून करता येते. माहिती अधिकार कायद्याने माहिती नाकारताना अपिलाची मुदत आणि अपील अधिकाऱ्याचा तपशील कळवणे बंधनकारक केले आहेच. जे एका कायद्यात शक्य झाले ते घरपट्टीच्या देयकावर अशक्य का असावे? अर्थशास्त्राच्या भाषेत बोलायचे तर पालिका आणि नागरिक यांच्यातील माहितीची विषमता दूर करण्याचा याहून स्वस्त उपाय नाही.

दुसरी गोष्ट, अपील न ठेवता काढल्या जाणाऱ्या पाडकामाच्या आदेशांसाठी जिल्हा पातळीवर एक स्वतंत्र अपील न्यायाधिकरण असावे. तेथे न्यायाधीशाबरोबर नगररचनेचा जाणकार बसावा आणि निर्णयाला निश्चित मुदत असावी. तिसरी गोष्ट, नगररचना कायद्याच्या कलम ४७ खालील निकाल सकारण आणि सर्वांना वाचता येतील असे प्रसिद्ध व्हावेत. एकाला दिलेली सवलत दुसऱ्याला का नाकारली, हे जेव्हा उघडपणे विचारता येते तेव्हा वशिल्याचा बाजार आपोआप मंदावतो.

तथापि शासन हे करील तोवर वाट पाहत बसण्याचे कारण नाही. कल्याण-डोंबिवलीच्या निर्वाचित सभागृहाची मुदत नोव्हेंबर २०२० मध्ये संपली आणि पुढे कित्येक वर्षे कारभार प्रशासकाच्या हाती राहिला. त्या काळात ज्या पुढाऱ्याकडे धाव घ्यावयाची तो नगरसेवकच उरला नव्हता. पण कलम ४०६ मात्र जेथल्या तेथे होते. माणसे येतात-जातात, मुदती संपतात. कायद्याने दिलेले अपील कोणाच्या कृपेवर अवलंबून नसते.

येथे शिक्षक, कारकून आणि विद्यार्थी यांच्यावर एक काम येऊन पडते. अपिलाचा अर्ज लिहिणे ही काही वकिलांचीच विद्या नव्हे. नोटिशीची तारीख, कलम, आपले म्हणणे, सोबत जोडलेले कागद आणि शेवटी नेमकी मागणी, इतक्या गोष्टी नीट मांडता आल्या की प्राथमिक तक्रार व बरीचशी अपिले तयार होतात. प्रत्येक गृहनिर्माण संस्थेत आणि चाळीत असा कागद लिहू शकणारी दोन-चार माणसे असतातच. त्यांनी शेजाऱ्याला पुढाऱ्याचा दूरध्वनी क्रमांक देण्याऐवजी नोटिशीवरची तारीख वाचून दाखवावी, मुदतीचा शेवटचा दिवस दिनदर्शिकेवर लिहून द्यावा, आणि अर्ज दिल्यावर आवक क्रमांकासह पोच घेण्यास सांगावे. महाविद्यालयांतून नागरिकशास्त्राचे व राज्यशास्त्राचे तास होतात. त्यांत संविधानाची कलमे पाठ होतात, पण घरपट्टीचे देयक वाचावयास कोणी शिकवत नाही. ती उणीव भरून काढणे अवघड नाही.

स्थानिक स्वराज्य हा शब्द आपण मोठ्या अभिमानाने वापरतो. त्यातील ‘स्वराज्य’ मतदानाच्या एका दिवसापुरते नसते. आपल्यावर सत्ता चालवणाऱ्या कार्यालयाला लेखी कारण विचारणे, ते पटले नाही तर नेमून दिलेल्या ठिकाणी ठरल्या मुदतीत दाद मागणे, आणि तेथेही अन्याय झाला तरच उच्च न्यायालयाचे दार ठोठावणे, हा त्याचा रोजचा व्यवहार आहे. मुंबईचे न्यायालय दूर आहे आणि खर्चिक आहे. कल्याणचे जवळ आहे आणि प्रभाग कार्यालय त्याहून जवळ. टिटवाळ्याच्या घरमालकाने सुरुवात जवळच्या दारापासून करावी. आणि ते दार त्याच्यासाठी खरोखर उघडे राहील, याची हमी महापालिकेने आपल्या प्रत्येक कागदावर छापून द्यावी.